खजुरीच्या शेंड्यावरचं वय

दहबियाने नवऱ्याला पहिल्यांदा 'तुम्ही' म्हटलं, ते तिने मुद्दाम म्हटलं नव्हतं. तिजानी खजुरीवरून उतरून आला, दाराची चौकट धरून धापा टाकत उभा राहिला, आणि ती हातातली परात सावरत सहज बोलून गेली, "सी तिजानी, तुम्ही बसा, मी पाणी आणते." गावातल्या पांढऱ्या दाढीच्या माणसांशी बोलतात तसं. शब्द तोंडातून निघाला आणि दोघंही थिजली.

"काय म्हणालीस?"

"पाणी आणते म्हटलं."

"त्याच्या आधी."

"त्याच्या आधी काही नाही."

तिजानीने पाणी घेतलं नाही आणि दुपारी जेवलाही नाही. वाळवलेल्या मटणाचा त्याच्या आवडीचा कुसकुस केला होता, तो तसाच राहिला. दहबिया नेहमीसारखी रुसून पुदिन्याच्या वाफ्यात जाऊन बसली. खरं तर रुसायची पाळी या वेळी त्याची होती, पण सवय वाईट.

ही दोघं एकाच आठवड्यात जन्मलेली. एकाच सुईणीवरून त्यांच्या आया भांडल्या होत्या, असं गावात अजून सांगतात. लहानपणी त्याने तिला पाटात ढकललं होतं आणि तिने त्याच्या हाताला चावा घेतला होता. लग्न झालं तेव्हा दोघंही बाविशीची. त्याला चोवीस वर्षं झाली, एक लेक होती तीही लग्न होऊन शहरात गेली. हिशेबाने दोघं शेहेचाळिशीत असायला हवीत. पण तिजानी सत्तरीला टेकला होता आणि दहबियाला अजून तिशी लागली नव्हती.

ऐन रहील या त्यांच्या गावात काळाचं असं आहे, की तो कुठल्याही जित्राबासारखा आपापली जागा धरून राहतो. खजुरीच्या बागेत खाली ओल असते, तिथे पुदिन्यात तो बेडकासारखा बसून असतो. ढोसला तरी हलत नाही. डाळिंबांच्या उंचीवर तो माणसांच्या चालीने चालतो. आणि वर, जुन्या उंच खजुरींच्या शेंड्यात, त्याला वारं लागलेलं असतं. मोहोर बांधायला वर गेलेला माणूस घटकाभराने उतरतो तेव्हा त्याची दाढी वाढलेली असते आणि पायताणं सैल झालेली असतात. मग सूर्य वर वेगळा असतो का, असं विचारणारा माणूस शहरातला, हे गावात लगेच ओळखतात आणि त्याला चहा पाजून वाटेला लावतात.

बाकीच्या घरांतून भाऊ-भाऊ पाळीपाळीने चढत. एक वर्ष थोरला, एक वर्ष धाकटा. त्यामुळे म्हातारपण घरात सारखं वाटलं जाई. तिजानीला भाऊ नव्हता. गडी लावता आला असता, पण तो हट्टी. माझ्या झाडाला परका हात लावेल तर फळ रुसेल, म्हणायचा. तो स्वतः कसलेला चढणारा होता. चढला की सपासप काटे छाटून, घड बांधून उतरायचा, तरी एका चढाईला पंधरा-वीस दिवस जायचेच. अशा शेकडो चढाया झाल्या. आणि खाली दहबिया प्रत्येक भांडणानंतर पुदिन्यात जाऊन बसायची. दोघांची भांडणं काही कमी नव्हती. तिचं तारुण्य म्हणजे चोवीस वर्षांचे रुसवे, असं शेजारची खालती हद्दा, म्हणजे हद्दा मावशी, तोंडावर सांगायची.

तर ते 'तुम्ही' होऊन आठ दिवस झाले असतील. पलीकडच्या गावचा बुरावी नावाचा एक विधुर तिजानीकडे आला. माणूस नीटनेटका, अंगावर इस्त्रीचा झब्बा, सोबत साखरेची मोठी ढेप, मेंदी, आणि दोरीला बांधलेला एक गलेलठ्ठ मेंढा. तिजानीला वाटलं, मेंढा विकायला आलाय. त्याने मेंढ्याचे दात बघितले.

"दात कशाला बघता, सी तिजानी? तुमच्याच घरी ठेवून जायचाय."

"का बरं?"

बुरावी लाजला. "तुमच्या मुलीसाठी आलोय. पुदिना विकते ती. मी तीन बाजार तिच्याकडून पुदिना घेतोय. घरी आता पुदिना ठेवायला जागा नाही."

परसात भाकरी भाजत असलेल्या दहबियाला सगळं ऐकू येत होतं. आता आपला नवरा उठेल, मेंढ्यासकट या माणसाला भिंतीपलीकडे फेकेल, म्हणून ती लाटणं हातात धरून वाट बघत राहिली. आत मेंढा एकदा खोकला. मग तिजानीचा आवाज आला.

"तिला विचारून सांगतो."

दहबियाची भाकरी जळली.

बुरावी गेल्यावर तिजानी परसात आला आणि चुलीजवळ बसला. जमिनीकडे बघतच म्हणाला, "माणूस बरा वाटला. त्याच्याकडे पाण्याचा पंप आहे."

"तू शुद्धीवर आहेस का?"

"ऐक तरी. माझे राहिलेत किती दिवस? दोन वर्षं, फार तर चार. पुढे तुझी चाळीस वर्षं पडलीत. ती काय भिंतीशी बोलत काढणार आहेस?"

"म्हणून जिवंतपणीच मला खपवायला निघालास? आणि तेही मेंढ्यावर?"

"मेंढा मी मागितला नव्हता."

"दात तर बघितलेस!"

तिने पुदिन्याची आख्खी टोपली त्याच्या अंगावर फेकली. तो तसाच बसून राहिला, दाढीत पानं अडकलेली, आणि ओशाळून म्हणाला, "तूच मला 'तुम्ही' म्हणालीस." दहबिया सवयीने पुदिन्याकडे वळली, चार पावलं गेली आणि थांबली. वाफ्याकडे बघून तिला पहिल्यांदाच त्याची शिसारी आली.

"खजूर उतरवायला कधी घेणार आहेस?" तिने विचारलं.

"शनिवारी."

"या वर्षी मी चढणार. तू पुदिन्यात बसायचं."

तिजानी हसला. मग तिचा चेहरा बघून हसायचा थांबला.

शनिवारी सकाळी निम्मं गाव बागेत जमलं. गावचा उमदा, म्हणजे सरकारी कागद सांभाळणारा लाझहर, काखेत वही घेऊन आला. बाईमाणसाने चढू नये असं त्याचं म्हणणं नव्हतं. त्याची अडचण निराळी होती.

"दहबिया, माझ्या वहीत तू याची बायको आहेस. गेल्या वर्षी वरच्या साहेबांनी विचारलं, ही मुलगी का? मी म्हटलं, नाही, बायको. त्यांनी मला चष्मा बदलायला सांगितलं. आता तू वरून त्याची आई होऊन आलीस तर मी काय लिहू?"

"बायकोच लिही."

"आणि थोरली झालीस तर?"

"मग थोरली बायको लिही! हो बाजूला."

खालती हद्दा चहाची किटली आणि शेगडी घेऊन झाडाखाली ठाण मांडून बसली होती. "चढ गं पोरी," ती म्हणाली, "पायजमा तेवढा घट्ट बांध. आणि खाली बघू नकोस."

तिजानी कुरकुरत वाफ्यात जाऊन बसला. कोयता कसा धरायचा, घड कुठून कापायचा, हे तो ओरडून सांगत होता. बसल्याबरोबर त्याचं बोलणं जड झालं, शब्द लांबले, आणि "डावा पाय आधी" म्हणता म्हणता तो 'डा'वरच राहिला.

दहबिया चढली. अर्ध्यावर तिला रडू आलं, पण उतरणं चढण्यापेक्षा कठीण दिसत होतं म्हणून ती चढतच राहिली. शेंड्यात पोचली, झावळ्यांत अंग घुसवून बसली, आणि मग तिला दम खाताना कळलं की ती गेले दोन दिवस दमच खातेय.

वर सगळं निराळं होतं. झावळ्यांच्या बेचक्यांत लहान लहान सकाळी होत्या, चिमणीएवढ्या, एकीला लागून एक. जरा उजाडलं की त्या भुर्रकन उडायच्या आणि त्यांच्या मागे एखादी संध्याकाळ ससाण्यासारखी यायची. आठवडे झावळ्यांवरून मुंग्यांसारखे ओळीने जात होते. हाताने अडवले तर हातावरून जात. दहबियाने एकाला चिमटीत धरला, तर तो चावला. भूक लागायची, पण पुरती लागायच्या आत दुसरीच भूक येऊन तिला ढकलून द्यायची.

कोयता तिला जमत नव्हता. तिजानी जो घड दोन घावांत उतरवायचा त्याला तिला तीन आठवडे लागत. काटे बोटांत शिरत. पहिलं झाड उतरवून ती खाली आली तेव्हा हद्दाने पहिला पेलासुद्धा भरला नव्हता.

"बघू," हद्दाने तिची हनुवटी धरून तोंड उजेडाकडे वळवलं. "दोन वर्षं. डोळ्यांखाली जरा आलंय. छान दिसतेस. आता घरी चल."

"अजून पुष्कळ झाडं आहेत, खालती."

रोज चार-पाच झाडं होत होती. तिसऱ्या दिवशी ती पन्नाशीची होऊन उतरली. केस करडे, पाठ वाकलेली, तळव्यांना घट्टे. नेमका तेव्हाच बुरावी उत्तर मागायला आला. त्याने दहबियाच्या डोक्याचं अदबीने चुंबन घेतलं, आत्याबाईंचं घ्यावं तसं, आणि विचारलं, "आई, धाकटी कुठे दिसत नाही?"

"कोण धाकटी?"

"पुदिनावाली."

"मीच ती."

बुरावी हसला. मग त्याने तिच्या डाव्या भुवईवरचा तीळ बघितला. तो तीळ त्याने तीन बाजार मन लावून बघितला होता. त्याचं हसू हळूहळू मावळलं. पण माणूस खरंच चांगला असावा, कारण तो पळाला नाही. खाली बसला, हद्दाने दिलेला चहा प्यायला आणि म्हणाला, "आई, मेंढा ठेवूनच जातो. इतके कष्ट पडतायत तुम्हाला. अंगात ताकद हवी." गावात अजूनही त्याचं नाव निघालं की बायका हळहळतात.

तिजानी मात्र वाफ्यातच होता. लोक संध्याकाळी त्याच्या अंगावर घोंगडी टाकायचे, सकाळी काढायचे. त्याला वाटत होतं, दहबिया आत्ताच चढलीये.

वरून ती त्याच्याकडे बघायची. एकदा तिने बघितलं तेव्हा तो जांभई द्यायला लागला होता. तोंड उघडलं. तिने एक घड कापला. तोंड अजून उघडतच होतं. ती झोपली, उठली, पाऊस येईल का म्हणून आभाळ बघितलं. तीन दिवसांनी तोंड पूर्ण उघडलं आणि त्यातले कितीतरी दात पडलेले तिला दिसले. ते कधी पडले हे तिला माहीत नव्हतं. चोवीस वर्षं एका ताटात जेवत होती, आणि माहीत नव्हतं. त्याच्या पलीकडे हद्दा किटलीतून चहा ओतत होती. चहाची लाल धार हवेत दोऱ्यासारखी लोंबत होती, पेल्याला अजून टेकली नव्हती.

मग तिच्या दुसरी एक गोष्ट लक्षात आली. प्रत्येक झाडाच्या शेंड्यात, झावळ्यांच्या बुडाचं धागेदार सोपट उपसून, बूड टेकायला जागा केलेली होती. घासून घासून गुळगुळीत झालेली. एका बाजूला सगळं वाळवंट होतं, मिठाचं चकाकणारं तळं, लांबचे निळे डोंगर. त्या बाजूला तोंड केलेली जागा एकाही झाडावर नव्हती. सगळ्या जागा पुदिन्याच्या वाफ्यांकडे तोंड करून होत्या.

दहबियाला आधी भरून आलं आणि मग भयंकर राग आला. एवढं बघत होता तर खाली येऊन बोलत का नव्हता मेला?

शेवटचं झाड सगळ्यांत उंच. पाचव्या दिवशी ती त्यावर चढली, सगळे घड उतरवले, दोरीने खाली सोडले, आणि उतरली नाही. तिचं वय आता पासष्टीपलीकडे गेलं होतं. जेवढं हवं होतं तेवढं झालं होतं. पण त्या गुळगुळीत जागेवर बसल्यावर तिच्या ध्यानात आलं की इथे कुणी काही मागत नाही. भाकरी नाही, पाणी नाही, कुणाचे कपडे धुवायचे नाहीत. सकाळी येत होत्या, मांडीवर बसत होत्या, जात होत्या. तिने एकीला पंखाखाली खाजवलं.

खालून हद्दाची हाक आली. आली म्हणजे यायला लागली. 'द' आला, गाय हंबरावी तसा. बऱ्याच दिवसांनी 'ह' आला. पुढचं नाव ऐकायला दहबिया थांबली नाही, कान झाकून बसली.

खाली हद्दाने तीन हाका मारल्या आणि तिला परिस्थिती कळली. "ती बसली!" ती ओरडली. "अरे, ती वर रमली! उठवा त्या म्हाताऱ्याला!"

तिजानीला वाफ्यातून काढणं सोपं नव्हतं. पाच दिवसांत त्याला पुदिना चांगलाच चिकटला होता. उमदा लाझहरने वही बाजूला ठेवली आणि चौघांनी मिळून, चिखलात रुतलेला उंट ओढावा तसं त्याला ओढलं. सुटताना मोठा आवाज झाला. जांभई पूर्ण करून तिजानीने विचारलं, "चढली का ती?"

"पाच दिवस झाले!"

"डावा पाय आधी टाकला ना?"

"वर बसलीये ती. उतरत नाही. मरेल तिथेच."

तिजानीने वर बघितलं आणि त्याचा चेहरा उतरला. त्याने दगला जातीच्या खजुराची चार फळं खिशात टाकली आणि चढायला लागला. सत्तरीचा माणूस, पण पाय अजून शहाणे होते. पोचला तेव्हा समोर एक करड्या केसांची बाई त्याच्या जागेवर बसली होती आणि त्याच्याकडे तिरकस बघत होती. ते बघणं त्याने ओळखलं.

"सरक," तो म्हणाला.

"नाही सरकत. दुसरी जागा कर. तुला येतात करायला."

त्यांचं भांडण सुरू झालं. ते वर सबंध हिवाळाभर चाललं. मेंढ्यापासून सुरुवात झाली, मग पाटात ढकलल्याची गोष्ट निघाली, मग सुईणीची.

"एवढं वरून बघत होतास, तर खाली येऊन बोलायला काय झालं होतं?"

"खाली आलो की तूच बोलत असायचीस."

"आणि इथून काय बघायचास एवढं? मी तर नुसती बसलेली असायचे."

तिजानी जरा विचारात पडला. "एकदा तू शिंकलीस," तो म्हणाला. "आधी नाक आक्रसलं, मग डोळे मिटले. चार दिवस चालली होती ती शिंक. मी सगळं काम टाकून बघत होतो. ती सुटेल की नाही, असं झालं होतं मला."

"मग? सुटली?"

"नाही. अर्ध्यावर गेली. तू इतकी चिडलीस! तोंड असं केलंस." त्याने तोंड करून दाखवलं. दात नसल्याने ते आणखीच वेडंवाकडं झालं.

दहबिया हसू दाबत होती. दाबता दाबता तिला खोकला आला, आणि तो काही थांबेना. तिजानी तिची पाठ चोळत राहिला. एक संध्याकाळ येऊन गेली, दुसरी आली. थंडी वाढली तशी ती सरकली. जागा एकाच्या बेताची होती. दोघं कशीबशी मावली. खिशातली फळं त्यांनी माघापर्यंत पुरवून खाल्ली. मग एका सकाळी तिजानी म्हणाला, "आता उतरलं पाहिजे. मला ताक प्यावंसं वाटतंय."

"मलाही," दहबिया म्हणाली. तिलाही खरंच ताकच प्यावंसं वाटत होतं.

उतरायला त्यांना फार त्रास झाला. तिचे पाय थरथरत होते. तो एक एक खोबण दाखवत खालून तिची टाच धरून ठेवायचा. जमिनीवर टेकली तेव्हा हद्दा किटली खाली ठेवत होती. उमदाने दोघांना शेजारी उभं करून निरखलं, मागे जाऊन बघितलं, पुढे येऊन बघितलं.

"जुळलं," तो म्हणाला आणि वही मिटली. मग पुन्हा उघडली. "म्हणजे, साधारण जुळलं. दहबिया कदाचित वर्षाने थोरली असेल. ते मी लिहीत नाही."

झाडं त्यांनी नस्र घराण्यातल्या दोघा भावांना वाट्याने दिली. तिजानी पहिले काही दिवस खाली उभं राहून त्यांच्या चुका मोजत असे, पण मान वर करून दुखायची, म्हणून त्याने ते सोडलं. पुदिना हद्दाने नेला. तिला गुडघ्यांसाठी हवा होता म्हणे, पण पुढच्या वर्षी तिचे दोन दात परत आल्यासारखे वाटले, म्हणून गावात कुजबुज झाली.

ईदला लेक आली. सुआद समुद्राकाठच्या शहरात दिलेली, लग्नाला दोन वर्षं झालेली. गेल्या ईदला आईबरोबर फोटो काढला तर दुकानदाराने विचारलं होतं, तुमच्यात थोरली कोण? आता दारात तिला एक म्हातारी दिसली आणि तिने सलाम करून विचारलं, "खालती, माझी आई कुठे आहे?" मग ओळख पटली आणि तिने उंबऱ्यातच बसकण मारली.

"काय करून घेतलंस हे? एवढी सुंदर होतीस!"

"होते की. पुष्कळ दिवस होते."

"बाबांच्या हट्टापायी?"

"त्यांचा कसला हट्ट? हट्ट माझा होता. तू रडू नकोस, आत ये, ताप आल्यासारखी दिसतेस. जेवलीस का?"

सुआद जेवता जेवताही रडत होती. तिजानी मध्येच म्हणाला, "तुझ्या आईने पंचेचाळीस घड तिरके कापले," आणि दहबियाने त्याच्याकडे न बघता त्याच्या ताटातलं मटण उचलून लेकीच्या ताटात टाकलं. जेवणं झाली तशी दोघंही भिंतीला टेकून पाय पसरून बसली. सुआदने ऑलिव्हचं तेल गरम करून आणलं. आईचा उजवा गुडघा चोळला, डावा चोळला. मग बाबांचा उजवा. चौथ्याला वाटीत तेल उरलं नाही.

"राहू दे," तिजानी म्हणाला. "तो तितका दुखत नाही."

"खोटं बोलतोय," दहबिया म्हणाली. तिने आपल्या डाव्या गुडघ्यावरचं तेल तळहाताने निपटलं, वाकताना कण्हली, आणि त्याच्या गुडघ्याला पुसलं. "सुआद, चुलीवर दूध आहे बघ. उतू जाईल."